इस्कोचा वाढदिवस

निलो : भूतबीत काही नाही हो ताई. ही गेमची पेटी नवीच आहे. पण तिच्यात जुने गेम चालवायचे, तर हातात धरून खेळायच्या एखाद्या खऱ्या जुन्या यंत्राची फर्मवेअर फाईल, म्हणजे त्याच्या आतला मूळ प्रोग्राम, लागते. ती मी एका यंत्रातून काढली आणि दुकानातल्या सगळ्या पेट्यांत भरली. मालकाचं नाव, जन्मतारीख, सगळं तिच्याबरोबर येतं. पुसायचं राहून गेलं.

रोवेना : म्हणून आज पोरानं पेटी लावली तर वाढदिवसाची धून वाजली?

निलो : त्या जुन्या यंत्राच्या मालकाचा वाढदिवस असेल आज. गाढवपणा माझाच. थांबा, पुसून देतो.

रोवेना : हात लावू नका! नावाखाली काय लिहिलंय ते वाचा आधी.

निलो : ‘इस्को.’ आणि खाली... ‘रोवे, चोरटे, ठेव खाली.’

रोवेना : रोवे म्हणजे मी. इस्को माझा धाकटा भाऊ. ओर्मोकची बोट बुडाली, तिच्याबरोबर गेला. देहसुद्धा हाती लागला नाही आमच्या. माझ्या नवऱ्यानं स्वतः त्याला धक्क्यावर सोडलं. बोट हलली तेव्हा हेच यंत्र घेऊन कठड्याशी उभा होता, म्हणतो.

निलो : पाण्यात गेलेलं यंत्र मी घेतच नाही, ताई. खारं पाणी आतलं सगळं खाऊन टाकतं. ते तर कोरडं ठणठणीत होतं.

रोवेना : मग आधीच विकलं असेल त्यानं.

निलो : नाही हो. विकायला आलेला माणूस चांगला आठवतोय मला. टीव्हीवर त्या बुडालेल्या बोटीचंच चाललं होतं. तो म्हणाला, बंद कर ते रडगाणं. मी सांगितला तो भाव मुकाट्यानं घेतला. इथे कोण घेतं असं?

रोवेना : म्हणजे इस्को बोटीत चढलाच नाही? कोण होता तो? देवाशपथ सांगा दादा!

निलो : उंच. बोलायला गोड. डाव्या कानाची पाळी फाटलेली. झुंजीच्या कोंबड्यानं फाडली, असं हसत हसत सांगत होता... ताई? पाणी देऊ? ओळखीचा निघाला का?

रोवेना : नवरा माझा. खाली गाडी लावतोय. मला एकटीला येऊच देईना इथे.

निलो : अरे देवा. मागच्या जिन्यानं निघा तुम्ही, पटकन.

रोवेना : कशी निघू? पोरगं त्याच्याजवळ आहे.

(जिन्यावर पावलं.)

आर्नेल : काय गं, किती वेळ? हा बघ, झोपला लबाड खांद्यावर.

रोवेना : काही नाही, फाईल बिघडलीय म्हणे. दे त्याला माझ्याकडे.

आर्नेल : असू दे, मला जड नाही होत. काय हो, कुणाची फाईल म्हणालात?

निलो : कुणाची असणार साहेब, अशीच आपली. दुसरी भरून देतो. तुम्ही व्हा पुढे, बाळाला द्या ताईंजवळ.

आर्नेल : छे, घाई कुणाला आहे? तेवढं दार लावून घेतो. रस्त्याच्या आवाजानं उठेल पोरगं.