दोराचं दुसरं टोक

दार चुकलं मॅडम तुमचं. फिल्ममधला ‘शेवटचा दोरवाला’ पलीकडच्या निळ्या दारात राहतो, माझा थोरला भाऊ. मी? मीही दोरच वळतो, बघा ना, गुडघ्यापर्यंत वाखाचे तंतू चिकटलेत. पण मी फिल्ममध्ये नाही, म्हणजे मी नाहीच! बसा. ती बॅग जरा जपून, कॅमेरा असेल. असणारच. शी!

तुमच्याआधी आले होते ते चौघं फिल्मवाले. आल्या आल्या दादाचा शर्ट उतरवला, मनगटावरचं घड्याळ काढलं, विकायला ठेवलेली नायलॉनच्या दोरांची बंडलं आतल्या खोलीत कोंबली. वहिनीला म्हणाले, ताई, तुम्ही आतच थांबा, तुम्ही दिसलात की एकटेपणा दिसत नाही. चांगली धडधाकट बाई, दिवसभर त्या बंडलांवर बसून राहिली! आणि हा शहाणा कॅमेऱ्यात बघून म्हणतो, माझ्यामागे कोणी नाही. अरे, मागे कशाला, समोर बघ — समोर मी उभा! दोर काय एकट्यानं वळतात? एकानं चाक फिरवायचं, दुसऱ्यानं कमरेला गुंडाळलेला वाख सोडत मागे मागे जायचं. चाकावर मी, मागे चालणारा तो — जन्मभर. फिल्ममध्ये दोर लांबच लांब दिसतो, पार पडद्याबाहेर जातो, पण एकानं तरी विचारलं का, पलीकडे पीळ कोण देतंय? भूत?

तेव्हापासून मी त्याचं तोंड बघत नाही. तो बसतो तयार होऊन, उघड्या अंगानं, तुमच्यासारख्यांची वाट बघत. कोणी आलं की जुना दोर खुंटीला बांधतो आणि मागे मागे चालून दाखवतो. खुंटीला! किळस येते हो. आणि इकडे चाकावर माझी बायको, मागे मी — माझी पावलं वाकडी, दोर गाठाळ, गिऱ्हाईक हातात घेतं आणि नाक मुरडून ठेवून देतं. असंच चाललं तर आम्हा नवरा-बायकोला गाशा गुंडाळावा लागेल, मग होईल तो खरंच शेवटचा.

फिल्म? ओकारी येते मला. पाच-सहा वेळा पाहिली, दर वेळी येते — नाही, आवडीनं नाही पाहत. एका जागी तो दोर थरथरतो, म्हणून. तेव्हा मला शिंक आली होती, जोरात, हात सुटला चाकावरून. तिथं दादाचे ओठ बघा. हसू दाबतोय तो. लहानपणापासून माझ्या शिंकेला हसतो, गाढव. त्यांनी खाली रडकं संगीत घातलंय, आणि लोक डोळे पुसतात — म्हातारा रडू आवरतोय म्हणे!

काय? माझंही शूटिंग घेता? चालू नाही ना केलंत ते? बंद करा. आधी बंद करा. उठा, जा तिकडे, तो वाटच बघतोय. आणि त्याला म्हणावं, चाक अजून — नको. काही म्हणू नका.

ते दार लावू नका जाताना. राहू दे उघडं, वारा येतो. जा म्हटलं ना.