फिल्मवाला घरात असताना

कामठीहून नागपूरला निघालेल्या बसमध्ये मैनाबाईंचा आवाज इंजिनाच्या वर लागला होता. पुढच्या सीटवरच्या कुंभलकरांनी पेपर वाचण्याचं नाटकही सोडून दिलं.

"महिनाभर क्यामेरा घेऊन घरात बसला तो फिल्मवाला. म्हणे, मावशी, मी इथं नाहीच असं समजा."

"मंग?"

"कसं समजाचं वं प्रेमिला? परका पोरगा चुलीपाशी उभा, अन् त्याच्यासमोर नवऱ्याशी काय गोष्टी करू? हे गप, मी गप. तो गेला का मंग पोटभर बोलाचो."

"अन् फिल्ममंधी?"

"नुसते गप बसलेले आम्ही! नाव ठेवलं 'मुका संसार'. नागपुरात महाल भागातल्या हॉलमंधी लोकं रडले, टाळ्या वाजवल्या."

"त्याले झापलं नाही?"

"झापलं ना! म्हणे, जे दिसलं तेच दाखवलं. अरे, तू होता म्हणून दिसलं ना ते! आता ते फिल्म पाहून माहा भाऊ उमरेडहून येऊन बसला. म्हणे, ताई, बॅग भर, असा नवरा नाही पाहिजे."

"भाऊजी काय म्हणाले?"

"काय म्हणतील? साळ्यासमोर ह्यांचं तोंड उघडते काय!"

"मंग तू आता चालली कुठं?"

"त्या फिल्मवाल्याले घरी आणाले. सांग म्हणा भावाले खरं काय ते."

"अवं, मंग तं भाऊजी दोघांसमोर गप बसतील!"