आईनं चर्चची घंटा वाजवली

अरे, आमच्या आईचा चर्चमधला पराक्रम सांगितला का तुम्हाला? स्वातंत्र्याला दोन-चार वर्षं झाली असतील. अंबरनाथच्या फॅक्टरीतल्या आमच्या फर्नांडिसचं लग्न मुंबईला होतं, व्हिक्टोरिया राणीच्या काळातल्या दगडी चर्चमध्ये. दारातच मनोऱ्यातून दोर लोंबत होता. देवळात शिरताना घंटा वाजवायची सवय, आईनं जोरात ओढला की! असा टोल पडला, आख्खं वऱ्हाड बाहेर पळालं. मी म्हटलं, मोडलं आता लग्न.

फादर धावत आले, वर बघत राहिले. मग हसून म्हणाले, "तुळई कुजलीय, घंटा डोक्यात पडेल, या भीतीनं इतकी वर्षं कुणी हात लावत नव्हतं. तुळई शाबूत आहे हो!"

आईनं लगेच पदर खोचला. "मग तुमची मंगलाष्टकं संपली की सांगा, परत वाजवते."