चपलेची करकर

गेल्या मंगळवारी सकाळी, राजारामपुरीतील एका दंतवैद्याच्या दवाखान्यात, माझ्या शेजारी बसलेल्या वयस्क दांपत्यात झालेला हा संवाद.

“आपल्या सम्राटच्या शॉर्ट फिल्मला भयपट म्हणून बक्षीस दिलंय! त्यात भूत न्हाय, मुडदा न्हाय. नुसती हसणारी बायका-पोरं.”

“आनि दारात चप्पल करकरली की समदी गप हुत्यात.”

“ती चप्पल माझी हाय! करकर वाजावी म्हणून मुद्दाम करून घेतलीया.”

“व्हय की. पडद्यावर वाजली, तवा माझंबी हसू थांबलं.”

“तू कशाला भ्यालीस? मी शेजारीच बसलोतो की!”

“म्हणून तर.”

“मी कधी हात उचललाय का?”

“कधीच न्हाय.”

“मग पोरानं चार लोकांत बापाला भूत का केलं?”

“केलं न्हाय. हाय तसं दावलं.”