पाटावरची जमीन

(रायपूर, बुढापारा. नवं राज्य झाल्यानंतरचा दुसरा उन्हाळा. अंगणात तीन गोण्या, त्यांतून केळीचे मुनवे डोकावताहेत. निवृत्त यशवंतराव, त्यांची बायको सत्यभामा आणि फळबाग खात्यातल्या नोकरीच्या गावाहून आजच आलेली मुलगी कौमुदी.)

कौमुदी: पण बाबा, एवढे मुनवे कोणासाठी?

यशवंतराव: कोणासाठी म्हणजे? तुझ्या बगिच्यासाठी! खास अभनपूरहून आणले, चाळीस. बसच्या टपावर टाकू. मीबी येऊन राहिलो सोबत.

कौमुदी: तिथं केळी? तिथं प्यायचं पाणी दीड कोसावरून आणतात.

यशवंतराव: हद्द झाली! पाटाच्या काठी जमीन अन् पाणी नाही? सिंचन खात्यात तीस वर्षं झिजलो, मले पाट शिकवून राहिली तू?

कौमुदी: काठी कुठं म्हटलं? फोनवर मी पाटावर म्हटलं.

यशवंतराव: तेच ते.

कौमुदी: तेच नाही ना! तिकडे जशपूरच्या बाजूनं पाट म्हणजे डोंगरावरचं पठार. उंच, उघडं, लाल मुरूम. पाऊस पडतो अन् सगळा खाली निघून जातो.

यशवंतराव: म्हणजे नहर नाही?

कौमुदी: नहर नाही, नाला नाही.

सत्यभामा: अन् यांनी साऱ्या पाऱ्यात, गल्लीगल्लीत सांगून ठेवलं, पोरीले पाटाचं पाणी मिळालं म्हणून! तलावावर फिरायले जातात, तिथंबी तेच.

यशवंतराव: तू हसू नको. हिनं नीट सांगायचं होतं.

कौमुदी: काय सांगू? लाज वाटत होती. खात्यानं शंभर नाशपाती दिल्या, मागच्या पावसाळ्यात तिथल्या एका शेतकऱ्याच्या, शंकरभैयाच्या शेतात लावल्या. साठ उरल्या. पावसाले दोन महिने आहेत. त्यानं कोदोचं, घरच्या खायच्या धान्याचं शेत मोडून जमीन दिली, माझ्या भरवशावर. रोज विचारतो, "दीदी, बचेंगे न?" मी मान हलवते. मेल्या तर त्याच्यासमोर उभी नाही राहू शकणार, बाबा.

यशवंतराव: मोटर बसव.

कौमुदी: कशात बसवू?

यशवंतराव: टँकर?

कौमुदी: वर जीपच कशीबशी चढते.

सत्यभामा: पाणी कसं घालते तू?

कौमुदी: बाया डोक्यावर आणतात. एका झाडाले एक तांब्या, रोज संध्याकाळी.

सत्यभामा: वरून?

कौमुदी: हव, वरूनच.

सत्यभामा: मग ते ऊनच पिऊन टाकते. झाडाच्या तोंडी काय येते? मडकं जमिनीत पूर, मडकं. झाडापासून हातभर दूर, गळ्यापर्यंत. भरायचं अन् वर झाकण ठेवायचं. झिरपत राहते, चार दिवस पाहायले नको. बुडाशी वाळला पाला टाक, चांगला वीतभर. माझ्या माहेरी, बुलढाण्याकडे, विहीर फाल्गुनातच तळाले जाये. आबांनी चाळीस लिंबं तशीच जगवली. मडकी भरायचं काम माझं.

यशवंतराव: इतक्या वर्षांत हे कधी बोलली नाहीस तू.

सत्यभामा: इथं अंगणात नळ. तुम्ही पाइप लावून मोकळे. मले कोणी विचारलं?

कौमुदी: आई, मडकं बरोबर झिरपणारं आहे हे कळते कसं?

सत्यभामा: जीभ लावून. कोरड्या मडक्याले जीभ चिकटली पाहिजे. चिकटली नाही तर ते कामाचं नाही.

कौमुदी: मले नाही कळणार ते.

सत्यभामा: तुले काहून कळावं? मी येते ना. सकाळी पुरानी बस्तीत कुंभाराकडे जाऊ, साठ निवडून घेऊ.

यशवंतराव: साठ मडक्यांले जीभ लावशील? लोक काय म्हणतील?

सत्यभामा: म्हणू द्या.

यशवंतराव: अन् टपावर फुटली तर?

सत्यभामा: पेंढा भरून गोण्यांत घालू. त्या तेवढ्या रिकाम्या करा. अन् मुनवे मागच्या अंगणात लावून टाका, तुम्हाले पाण्याची कमी नाही.

यशवंतराव: म्हणजे मी इथंच?

सत्यभामा: केळीले पाणी कोण देईल मग?

यशवंतराव: हं. अन् पाऱ्यात विचारलं तर काय सांगू?

सत्यभामा: सांगा, सत्यभामा पाटावर गेली. पाणी द्यायले.