देवघरामागची मशीन

सुब्बाराव : हे दोन हजार चोवीस साल आमच्या रूपश्रीच्या लग्नाचं. घरात कार्य होतं म्हणून गप्प बसलो, कल्लाप्पा. आता बोलतो. राहत्या घरात धंदा केलास, तर नोटीस येणारच.

कल्लाप्पा : ते सरी, बरोबरच आहे, अण्णा. पण पालिकेला उत्तर कसं लिहायचं ते आपल्यात तुम्हालाच येतं. सात दिवसांची मुदत आहे.

सुब्बाराव : मीही शिंपीच. पण मी परवाना काढला, कन्नडमध्ये पाटी रंगवली, आठवड्याची सुट्टी पाळतो. तुला यातलं काही नको! फोनवर गिऱ्हाईक, फोनवर नमुने. व्हाइटफील्डच्या बाया शहराच्या दुसऱ्या टोकाहून गाडी करून हेब्बाळला येतात तुझ्याकडे. माझ्या दुकानात माश्या.

कल्लाप्पा : त्यांनी कुठं शिवायचं ते सरकारनं सांगायचं का? जिथं बाही नीट बसते तिथं माणूस जातो.

सुब्बाराव : म्हणजे माझी बसत नाही?

कल्लाप्पा : तसं कुठं म्हणालो?

सुब्बाराव : माझ्या पोटची पोर! बाप शिंपी, आणि लग्नातला ब्लाउज काकाकडून शिवून घेतला. मांडवात व्याही मलाच विचारतात, कोणी शिवला हो, किती छान बसलाय!

कल्लाप्पा : मी नको म्हणालो होतो तिला. रडली, अण्णा.

सुब्बाराव : माझ्यापुढं नाही रडली.

कल्लाप्पा : जाऊ द्या. नोटीस तरी बघा.

सुब्बाराव : काय बघायचंय? तीन मशिनी, दोन ओसरीवर, एक देवघरामागं. परवाना नाही. संपलं.

कल्लाप्पा : नोटीस अजून माझ्या खिशात आहे.

सुब्बाराव : मग?

कल्लाप्पा : मग काय. ओसरीच्या आत गिऱ्हाईक पाऊल टाकत नाही. आप्पाजींची मशीन देवघरामागं आहे, हे घरच्यांनाच ठाऊक. नोटिशीत मात्र ती लिहून आलीय.

सुब्बाराव : तक्रार कोणीही करू शकतो. नियम आहे तसा.

कल्लाप्पा : आहे ना. परवाना मी काढीन, पाटीही लावीन. त्यानं तुमची आग विझणार आहे का?

सुब्बाराव : थोरला मुलगा मी. आप्पाजींनी मशीन तुला दिली.

कल्लाप्पा : तुम्हीच म्हणालात, जुनाट आहे, नको.

सुब्बाराव : म्हणालो असेन.

कल्लाप्पा : तक्रार मागे घ्याल, अण्णा?

सुब्बाराव : बघतो.

(या बोलण्यानंतर पाचव्या दिवशी, आठ डिसेंबर दोन हजार चोवीसला, कल्लाप्पा हृदय बंद पडून वारला. तक्रार तोवर मागे घेतलेली नव्हती.)