पोचल्यावर कळव

शिफ्ट संपवून चाकणच्या बसमध्ये बसलेली करिष्मा पेंगत होती. पुढच्या सीटवर म्हातारा-म्हातारीचं जुंपलं होतं.

“आपल्या वावरात सायबांनी ती आभाळात निरोप धाडायची थाळी उभारली, म्हणून त्या ताऱ्याशी बोलायचा पयला मान तुला दिला, सरू. एकच वाक्य बोलायचं हुतं.”

“बोलले की.”

“‘पोचल्यावर कळव’? ते कुणाला?”

“निरोपाला. येवढ्या लांब एकटाच निघाला हुता बिचारा.”

“समदे सायेब हसले.”

“हसले, पण खोडलं न्हाई. तसंच धाडलं.”

“एक तप जायला, एक तप उत्तर यायला. तवर आपण असू व्हय?”

“आपण नसलो तर थाळी असंल की. ती ऐकंल.”

“लई भरवसा तुला.”

“अवो, सांगून धाडलंय त्याला. कळवंल.”

करिष्माने कानातले इअरफोन काढले. मोशीच्या टॉवरांवर एक चांदणी उगवली होती.

“आन् आपला पोरगा रविराज? परवा हिंजवडीला गेला, त्यालाबी हेच सांगितलं हुतंस. आला का फोन?”

म्हातारी खिडकीतून चांदणीकडे बघत राहिली.

“ट्रॅफिकमंदी असंल.”